निळ्या बशांचा गोवा, गुलाबी बशांची मुंबई

१६०१ च्या डिसेंबरमध्ये ‘साओ तियागो’ हे अवाढव्य पोर्तुगीज जहाज गोव्याहून लिस्बनला निघालं. त्यावर फ्रान्चेस्को कार्लेत्ती नावाचा फ्लॉरेन्सचा एक व्यापारी होता. वडिलांबरोबर स्पेनहून निघालेला हा माणूस पेरू, मेक्सिको, फिलिपिन्स, जपान असं करत मकावला पोहोचला होता. वडील तिथेच वारले. मकावमध्ये त्याने रेशीम, कस्तुरी आणि पोर्सेलिनची सहाशे-सातशे भांडी खरेदी केली, मग गोव्यात मुक्काम ठोकला, आणि आता सगळी कमाई घेऊन तो घरी चालला होता. मार्च १६०२ मध्ये सेंट हेलेना बेटापाशी डच जहाजांनी ‘साओ तियागो’ला गाठलं. लढाई झाली, जहाज पडलं, माल जप्त झाला आणि हॉलंडकडच्या मिडलबर्ग शहरात त्याचा लिलाव झाला. आपला माल परत मिळावा म्हणून कार्लेत्ती तिथल्या न्यायालयांत खेटे घालत राहिला. अखेर थोडीशी भरपाई पदरात पाडून १६०६ मध्ये तो फ्लॉरेन्सला परतला.

‘साओ तियागो’ पडल्याच्या पुढच्याच वर्षी, म्हणजे १६०३ मध्ये, डचांनी सिंगापूरच्या सामुद्रधुनीजवळ ‘सांता कातारिना’ हे मकावहून मलाक्क्याकडे निघालेलं पोर्तुगीज जहाज पकडलं. त्याच्या पोटात पोर्सेलिनचे जवळपास एक लाख नग होते. १६०४ मध्ये ॲमस्टरडॅममध्ये त्यांचा लिलाव झाला, तेव्हा खुद्द फ्रान्सच्या राजासाठीही खरेदी झाली. या दोन लिलावांनी उत्तर युरोपला चिनी भांड्यांचं वेड लावलं.

निर्यातीच्या चिनी पोर्सेलिनचा इतिहास बहुधा इथूनच सांगितला जातो आणि मग तो ॲमस्टरडॅम, लंडन आणि चीनमधलं कँटन या तीन शहरांतच फिरत राहतो. पण ‘साओ तियागो’ निघालं होतं गोव्याहून. त्यानंतर दोनशे वर्षांनी कँटनच्या बाजारात ज्या मालाच्या बदल्यात चहा, रेशीम आणि भांडी खरेदी होत होती, त्यातला मोठा वाटा मुंबईहून जात होता. चीन आणि युरोप यांच्यामधल्या या व्यापारात आपला किनारा वाटेवरची धर्मशाळा नव्हता. तो गिऱ्हाईक होता, अडत्या होता आणि भांडवलदारही होता.

गोव्याचा धक्का

पोर्तुगिजांनी १५१० मध्ये गोवा घेतला. तीनच वर्षांनी त्यांचा जोर्जे आल्वारेश चीनच्या किनाऱ्याला लागला आणि १५५७ च्या सुमारास मकावमध्ये त्यांची कायमची वसाहत झाली. मकावचा कारभार गोव्याच्या व्हाइसरॉयकडे होता आणि ही व्यवस्था १८४४ पर्यंत टिकली. त्यामुळे मकावहून येणारा माल मलाक्क्यावरून गोव्यात यायचा, इथे त्याची विक्री आणि वाटणी व्हायची आणि उरलेला वर्षातून एकदा सुटणाऱ्या जहाजांवर चढून लिस्बनला जायचा. १५८० च्या दशकात गोव्याच्या आर्चबिशपकडे चिटणीस असलेला डच तरुण यान ह्युखेन फान लिन्शोटेन याने इथल्या बाजाराचं बारकाईने वर्णन करून ठेवलं आहे. भारत, पोर्तुगाल आणि अमेरिकेतल्या स्पॅनिश मुलखासाठी चीनमध्ये पोर्सेलिन ढिगाने तयार होतं, मात्र त्यातलं सर्वांत उंची देशाबाहेर जाऊ दिलं जात नाही, असं त्याने नोंदवलं.

सुरुवातीला चिनी कुंभार आपल्याच देशातली किंवा इराण-अरबस्तानासाठी चालणारी नक्षी पाश्चात्त्य गिऱ्हाइकालाही देत असत. पण पोर्तुगिजांनी लवकरच मागणी देऊन भांडी करवून घ्यायला सुरुवात केली. पोर्तुगालमधल्या बेजा शहरातल्या संग्रहालयात एक निळा-पांढरा वाडगा आहे. त्यावर पेरो दे फारिया याचं नाव आणि १५४१ हे साल पोर्तुगीज भाषेत लिहिलेलं आहे. फारिया हा मलाक्क्याचा किल्लेदार, म्हणजे गोव्याच्या सत्तेखालचा अधिकारी. युरोपीय माणसाचं नाव आणि साल घातलेल्या सर्वांत जुन्या चिनी भांड्यांपैकी हे एक. अशा आरंभीच्या काही भांड्यांवर पोर्तुगालचं राजचिन्ह चक्क उलटं रंगवलेलं आढळतं. रंगवणाऱ्याला त्या आकृतीची वरची बाजू कोणती हेच माहीत नव्हतं. त्याने समोर ठेवलेला नमुना रेघेला रेघ उतरवला, एवढंच.

सोळाव्या शतकाच्या अखेरीस खास बाहेरच्या बाजारासाठी एक घाट पक्का झाला. डचांच्या हाती लागलेल्या जहाजांच्या जातीवरून त्याला ‘क्राक’ म्हणतात. अशी एखादी बशी जवळून पाहण्यासारखी असते. काठाची गोलाई उभ्या चौकटींत विभागलेली असते. एका चौकटीत कमळ किंवा सूर्यफुलासारखं फूल, पुढचीत फितीने बांधलेलं मंगलचिन्ह, अशी आलटून-पालटून रांग. मध्यभागी खडकावर बसलेला पक्षी, तळ्याकाठची बदकं किंवा झाडाखाली हरणं. माती इतकी पातळ की काठ बोटांना धारदार वाटतो. बशी उलटी केली की खालच्या कड्याला भट्टीतल्या वाळूचे कण चिकटलेले दिसतात, कारण भांडी वाळूच्या थरावर ठेवून भाजली जात. काठावरची झिलई बारीक टवक्यांनी उडालेली असते. ही घाईची, ढिगाने केलेली भांडी होती. चीनच्या दरबाराने ती आपल्या मेजावर घेतली नसती. युरोपात मात्र श्रीमंतांनी ती चांदीच्या कोंदणात बसवली. लिस्बनच्या सांतोस महालातल्या एका दालनाचं छत पिरॅमिडच्या आकाराचं आहे. त्यावर सुमारे २६० चिनी बशा जडवल्या आहेत.

गोव्यात ही भांडी केवळ पुढे पाठवण्यासाठी येत नव्हती. ती इथे वापरली जात होती. जुन्या गोव्यातल्या संत ऑगस्टिनच्या पडक्या मठात भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने केलेल्या उत्खननात चिनी पोर्सेलिनचे तुकडे मिळाले. आपल्या रायगड जिल्ह्यात चौलला डेक्कन कॉलेजच्या उत्खननातही चिनी भांड्यांचे तुकडे निघाले. फुटलेली बशी कोणी दूरदेशी पाठवत नाही. ती जिथे फुटते तिथेच फेकली जाते. म्हणून खापराचा तुकडा वापराचा सर्वांत भरवशाचा साक्षीदार असतो. आणि ज्यांना पडझडीतले तुकडे नव्हे तर अखंड भांडी पाहायची आहेत, त्यांनी सासष्टीतल्या चांदर गावचा मेनेझिस ब्रागांझा वाडा पाहावा. पिढ्यान्‌पिढ्या जपलेलं चिनी पोर्सेलिन तिथे जुन्या लाकडी सामानाबरोबर आजही नांदतं आहे.

माती, आग आणि भंडारा

हे बहुतेक सगळं येत होतं ते चीनच्या ज्यांगशी प्रांतातल्या जिंगडेझेन या एका गावातून. युरोपीय राजांनी शतकभर डोकं फोडलं तरी त्यांना त्याचा घाट जमला नाही, याचं कारण मातीत आणि आगीत होतं.

पोर्सेलिनला दोन गोष्टी लागतात. एक, केओलिन नावाची पांढरी शुभ्र माती. जिंगडेझेनजवळच्या गाओलिंग टेकडीवर ती मिळत असे. दुसरी, फेल्डस्पार आणि अभ्रकाचा अंश असलेला ठिसूळ दगड, कुटून वस्त्रगाळ केलेला. माती भांड्याला आकार आणि ताठपणा देते. दगड भट्टीत वितळून काचेसारखा होतो आणि मातीच्या कणांमधल्या सगळ्या फटी बुजवतो. मात्र त्यासाठी भट्टी १३०० अंश सेल्सिअसच्या आसपास न्यावी लागते. तेवढ्या आगीतून निघालेलं भांडं पाणी पीत नाही, टिचकी मारली तर घंटेसारखं वाजतं आणि उजेडासमोर धरलं तर पलीकडच्या बोटांची सावली दिसते.

आपल्याकडे, भंडारा जिल्ह्याच्या लाखांदूर तालुक्यातल्या दिघोरीत, चिनी माती म्हटलं की लोणच्याची बरणी डोळ्यांपुढे येते. पितळी भांड्यांसाठी नाव असलेल्या या जिल्ह्यातसुद्धा लोणचं पितळेत कोणी घालत नाही, कारण मीठ आणि आंबट रस धातूला खातात. झिलईला खात नाहीत. बरणी ही पोर्सेलिनची भावंडं म्हणता येतील अशा दगडी भांड्यांच्या जातीची. तिची माती भरड, अंग जाड आणि अपारदर्शक. पण याच जिल्ह्याचा पोर्सेलिनशी आणखी जवळचा संबंध आहे, तो जमिनीखाली. प्रखर आगीत केओलिनमधून म्युलाइट नावाचे सुईसारखे स्फटिक तयार होतात आणि ते एकमेकांत गुंतून पोर्सेलिनला बळ देतात. भंडारा जिल्ह्यात कायनाइट आणि सिलिमनाइट ही खनिजं सापडतात. त्यांना पुरेसं तापवलं की त्यांचंही म्युलाइटच होतं. म्हणूनच प्रचंड उष्णता सोसणाऱ्या भट्ट्यांच्या विटांसाठी या खनिजांना मागणी असते. ज्या स्फटिकाच्या जोरावर जिंगडेझेनची पातळ बशी समुद्रप्रवास सोसत होती, त्याचाच कच्चा माल इथल्या खडकांत दडलेला आहे.

जिंगडेझेनच्या कामाची पद्धत बाहेरच्या जगाला कळली ती फ्रेंच जेझुइट पाद्री द’आंत्रकोल याच्या १७१२ आणि १७२२ च्या पत्रांतून. भट्टीतून बाहेर पडेपर्यंत एक भांडं सत्तर हातांतून जातं असं तिथे म्हणतात, हे त्याने लिहून ठेवलं. रंगकामातही वाटणी होती. एकाने फक्त काठाची रेघ ओढायची, दुसऱ्याने फुलांची रूपरेषा काढायची, तिसऱ्याने रंग भरायचा. कोबाल्टचा निळा रंग कच्च्या भांड्यावर लावत, वर झिलई चढवत आणि मग एकदाच भाजत. कोबाल्ट ती आग सोसतो, इतर बहुतेक रंग जळून जातात. सुरुवातीच्या निर्यातीत निळ्याचं राज्य होतं त्याचं कारण हेच.

कँटनची रंगशाळा

अठराव्या शतकात दोन गोष्टी बदलल्या. १७२० च्या सुमारास चिनी रंगाऱ्यांच्या हाती गुलाबी रंग आला. तो सोन्यापासून करतात: सोन्याचे अतिसूक्ष्म कण काचेच्या भुकटीत मिसळले की किरमिजीपासून फिक्या गुलाबीपर्यंत छटा मिळतात. असे रंग आधी भाजून झिलई चढलेल्या भांड्यावर लावायचे आणि ७०० ते ८०० अंशांच्या लहान भट्टीत पुन्हा भाजायचे. त्यामुळे रंगकाम जिंगडेझेनलाच व्हायला हवं, ही अट उरली नाही.

दुसरी गोष्ट राजकीय. १७५७ मध्ये चीनच्या बादशहाने पाश्चात्त्य व्यापार कँटन या एकाच बंदरापुरता बांधला. मग कोरी पांढरी भांडी जिंगडेझेनहून निघू लागली. गान नदीतून नावांनी, मेइलिंग खिंडीतून हमालांच्या खांद्यावरून आणि पुन्हा नावांनी ती कँटनला पोहोचत आणि गिऱ्हाइकाच्या पसंतीप्रमाणे तिथे रंगत. पुढे कलकत्त्यात वकिली केलेला विल्यम हिकी १७६९ मध्ये कँटनला गेला होता. लांबच लांब दालनात शंभराहून अधिक माणसं रंगवत बसलेली त्याने पाहिली; त्यांत म्हातारे होते आणि सहा-सात वर्षांची मुलंही होती. युरोपीय दिवाणखान्यातल्या त्या नाजूक गुलाबी फुलांमागे ही लहान बोटं होती, हे विसरून ती पाहता येत नाहीत.

इंग्लंडमधल्या सुमारे चार हजार संचांवर त्या त्या घराण्याचं कुलचिन्ह रंगवलेलं आहे. पद्धत साधी होती. यजमान आपल्या ग्रंथालयातल्या पुस्तकांवर चिकटवायची छापील चिठ्ठी किंवा हाताने काढलेलं चित्र जहाजाच्या कप्तानाकडे देई. ते कँटनच्या दुकानदाराकडे जाई आणि दीड-दोन वर्षांनी ताटं, वाडगे, सूप वाढण्याची झाकणाची भांडी असा शेकडो नगांचा संच घरी येई. छापील चिठ्ठीतल्या बारीक काळ्या रेघासुद्धा रंगारी ब्रशच्या टोकाने जशाच्या तशा उतरवत. कुलचिन्हाखालची अक्षरं त्यांना वाचता येत नसत. तरी त्यांची वळणं ते इमानाने काढत. क्वचित अक्षर चुके, तर कधी मूळ नमुन्यातली चूकही भांड्यावर कायमची भाजली जाई.

ही भांडी जहाजात तळाशी ठेवत. चहाला ओल लागली की तो मातीमोल होतो. पोर्सेलिन भिजलं तरी बिघडत नाही, शिवाय त्याचं वजन जहाज तोलून धरतं. १७५२ च्या जानेवारीत बुडालेल्या ‘गेल्डरमाल्सन’ या डच जहाजात चहाच्या राशींबरोबर पोर्सेलिनचे जवळपास २,३९,००० नग होते. १९८५ मध्ये मायकेल हॅचर याने समुद्रतळातून त्यातले सुमारे दीड लाख वर काढले. २३३ वर्षं खाऱ्या पाण्यात राहूनही त्यांतल्या बहुतेकांचं फारसं बिघडलं नव्हतं.

मुंबईचा पैसा

चीनला युरोपचा माल फारसा नको होता. त्याला चांदी हवी होती. १७८४ मध्ये ब्रिटिश सरकारने चहावरचा ११९ टक्क्यांचा कर साडेबारा टक्क्यांवर आणला आणि इंग्लंडमध्ये चहाची मागणी एकदम चढली. त्याची किंमत चुकवायची कशी? याचं उत्तर होतं भारतात. मुंबईहून कच्चा कापूस कँटनला जाऊ लागला आणि काही दशकं चीन हेच मुंबईच्या कापसाचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक राहिलं. आधी हा कापूस मुख्यतः गुजरातचा होता. वऱ्हाडचा कापूस बैलांच्या तांड्यांवरून मिर्झापूरकडे जायचा. १८२५-२६ च्या सुमारास पेस्तनजी आणि विकाजी या पारशी व्यापाऱ्यांनी तो मुंबईकडे वळवला.

कापसापाठोपाठ माळव्याची अफू आली. तिने मुंबईत अफाट पैसा आणला आणि चीनमध्ये अफाट दुःख. त्यातून १८३९ ते १८४२ चं युद्ध पेटलं. मुंबईच्या भरभराटीचा इतिहास लिहिताना हे पान वगळता येत नाही आणि वगळूही नये.

या व्यापारातलं सर्वांत ठळक नाव जमशेटजी जिजीभॉय यांचं. १७८३ साली जन्मलेले जमशेटजी सोळाव्या वर्षी चीनच्या सफरीवर निघाले आणि एकंदर पाच वेळा तिथे जाऊन आले. १८०५ मध्ये ते ‘ब्रन्स्विक’ जहाजावर असताना फ्रेंचांनी हे जहाज पकडलं. त्याच जहाजावर विल्यम जार्डिन हा डॉक्टर होता. त्या ओळखीतून पुढे जार्डिन यांच्या कंपनीशी जमशेटजींचा अनेक वर्षांचा व्यवहार उभा राहिला. अशा सफरींहून परतणारे पारशी व्यापारी घरच्यांसाठी भरतकामाचे गारे, कोरीव लाकडी सामान, चिनी चित्रकारांनी काढलेल्या आपल्या तसबिरी आणि पोर्सेलिन आणत. युरोपीय गिऱ्हाइकासाठी कँटनने घडवलेली ही अभिरुची अशा रीतीने मुंबईच्या घराघरांत स्थिरावली. सूप वाढण्याचं भांडं इथे दुसऱ्याच पदार्थांसाठी वापरलं गेलं असेल. पण त्यावरचे गुलाबी पिओनी आणि फुलपाखरं तीच होती.

तोवर मूळ निर्यातीचा बहर ओसरू लागला होता. १७१० मध्ये जर्मनीतल्या माइसेनला युरोपचा पहिला खऱ्या पोर्सेलिनचा कारखाना सुरू झाला. तो काढणारा सॅक्सनीचा ऑगस्टस इतका भांडीवेडा होता, की १७१७ मध्ये त्याने ६०० घोडेस्वार सैनिक प्रशियाच्या राजाला देऊन बदल्यात १५१ चिनी भांडी घेतली. पुढे इंग्लंडच्या कारखान्यांनी छापील नक्षीची स्वस्त भांडी बाजारात आणली. १७९१ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीने पोर्सेलिनची ठोक आयात थांबवली. खासगी व्यापार तेवढा चालू राहिला. पूल, विलोचं झाड आणि दोन पाखरं असलेली जगप्रसिद्ध निळी ‘विलो’ नक्षी अस्सल चिनी समजली जाते. ती इंग्लंडमध्ये जुळवलेली आहे. नंतर कँटनचे रंगारी गिऱ्हाईक टिकवण्यासाठी त्या इंग्रजी नक्षीची नक्कल करू लागले.

जमशेटजींनी दिलेल्या एक लाख रुपयांच्या देणगीतून १८५७ मध्ये मुंबईत सर जे. जे. स्कूल ऑफ आर्ट सुरू झालं. १८७० च्या दशकात तिथे जॉर्ज टेरी यांच्या देखरेखीखाली कुंभारकाम चालू लागलं. विद्यार्थी त्याच काळात अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या नकला करत होते. त्या चित्रांतली नक्षी झिलईच्या फुलदाण्यांवर उतरली आणि ती भांडी युरोपातल्या प्रदर्शनांत मांडली गेली. कँटनच्या व्यापारातून आलेला पैसा असा पुन्हा माती, आग आणि दूरच्या गिऱ्हाइकाकडे वळला. या शाळेची भांडी भायखळ्याच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयात आहेत.

चिनी भांडी पाहायची असतील तर मुंबईचं छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय गाठावं. सर रतन टाटा आणि सर दोराबजी टाटा या बंधूंनी जमवलेला पूर्व आशियाई कलावस्तूंचा संग्रह तिथे आहे. काचेपलीकडची बशी समोरून पाहून पुढे जाऊ नये. थोडं बाजूला होऊन तिरप्या उजेडात पाहावी. निळा रंग झिलईच्या खाली असल्यामुळे पृष्ठभाग अखंड गुळगुळीत दिसतो. गुलाबी, हिरवा आणि सोनेरी रंग वर बसवलेले असल्यामुळे त्यांचा किंचित उठाव जाणवतो आणि जिथे वापर जास्त झाला तिथे सोनेरी रेघ झिजलेली असते. एखादी बशी पालथी मांडलेली असेल तर खालचं कडं पाहावं: वाळू चिकटलेली आहे का, कडं स्वच्छ कापलेलं आहे का. एवढ्यावरून भांडं घाईच्या निर्यातीचं की सावकाश घडवलेलं, याचा पहिला अंदाज कुणालाही बांधता येतो.